अथक चेष्टेचे फळ

मी, पुंडलिक तुळशीराम सावरबांधे, वय वर्षे पंच्याहत्तर, त्रिपुरी विद्यापीठाचा निवृत्त कुलगुरू, राहणार विद्यापीठाच्या मागच्या भिंतीला लागून असलेले घर, जबलपूर, आज पूर्ण शुद्धीत, कोणाचाही धाक, आग्रह किंवा गोड बोलणे मनावर न घेता हे मृत्युपत्र स्वहस्ते लिहून ठेवीत आहे. माझी बुद्धी शाबूत असल्याची खात्री डॉ. सुहासिनी घाटोळे यांनी करून घेतली. त्यांनी मला आजचा वार विचारला आणि विद्यापीठाच्या सध्याच्या कुलगुरूंचे नाव विचारले. मी दोन्ही सांगितले, आणि दुसऱ्या उत्तरासोबत त्या गृहस्थांविषयीचे मतही सांगितले. "बुद्धी एकदम ठीक आहे," बाई म्हणाल्या, "पण बीपी वाढून राहिलं."

इथल्या ओमती भागातल्या एका वकिलाने मला मसुदा करून दिला होता. त्यात मी 'ईश्वरचरणी लीन' होतो आणि माझे सर्वांशी 'स्नेहाचे संबंध' होते. खोट्या दस्तऐवजावर सही करण्याची सवय मला नाही. तो मसुदा मी फाडला.

१. माझी पत्नी भानुमती ही हयात नाही. मला एकच मुलगा, श्रीरंग. खमरियाच्या दारूगोळ्याच्या कारखान्यात तो अधिकारी आहे, सरकारी क्वार्टरमध्ये राहतो आणि निवृत्त झाला की ते त्याला सोडावे लागेल. त्याने स्वतःचे घर बांधले नाही, कारण बापाचे आहेच, अशी त्याची समजूत. ही समजूत खरी की खोटी, ते पुढे कळेल. त्याची मुलगी विनीता, हिला मराठी समजते, पण बोलायला लागली की तिसऱ्या शब्दाला हिंदी होते.

२. माझी राख तिलवाऱ्याला नर्मदेत सोडावी. विद्यापीठाने शोकसभा घेऊ नये. घेतलीच, तर 'अपूरणीय क्षति' हे शब्द उच्चारणाऱ्याला माझ्या वतीने सभेबाहेर काढावे. माझी जागा कशी भरून निघाली ते मी निवृत्तीनंतर रोज खिडकीतून पाहत आलो आहे. ती भरली आहे, पण कशाने, ते मृत्युपत्रात लिहिता येत नाही.

३. माझी मालमत्ता सांगण्यापूर्वी मी जे उभे केले पण जे माझ्या मालकीचे नाही, त्याविषयी लिहिणे भाग आहे, कारण पुढची अट त्याच्याशी बांधलेली आहे. ते म्हणजे विद्यापीठाचे ग्रंथालय.

छप्पन साली राज्ये नव्याने बांधली गेली. नागपूर तिकडे मुंबई राज्यात गेले, आम्ही इकडे मध्य प्रदेशात राहिलो. मराठी कुटुंबांनी नागपूरची वाट धरली आणि जाताना आपली पुस्तके माझ्या ओसरीवर आणून टाकली. ज्ञानदान म्हणून नव्हे. रद्दीवाल्याने मराठी रद्दी घ्यायला नाक मुरडले म्हणून. लोणच्याच्या बरण्या मात्र सगळ्यांनी जपून सोबत नेल्या. इतिहास, व्याकरण, कोश, जुन्या मालगुजारांच्या घरचे मोडी कागद, सगळे माझ्याकडे आले. माझे सहकारी दिवाकर अंबादास खानझोडे, इतिहासाचे प्राध्यापक, हे ओसरीवर उभे राहून मला म्हणाले, "काहून थांबून राहिले तुम्ही? इथं आता मराठी वाचणार कोण?" स्वतः दिवाकरराव मात्र गेले नाहीत. सासऱ्याचे दुकान जबलपुरातच होते.

पुढे विद्यापीठात दोन गटांची लाथाळी झाली. दोघांनाही एकमेकांचा माणूस नको होता, म्हणून दोघांनी मला कुलगुरू केले. माझ्या योग्यतेवर कोणी एक शब्दही बोलले नाही, इतका माझा विजय निर्विवाद होता. हिंदी वर्तमानपत्रात 'कुलपति' छापून आले. हिंदीत कुलगुरूला कुलपति म्हणतात हे काटोलच्या नातेवाइकांना ठाऊक नव्हते. आपल्याकडे कुलपती म्हणजे राज्यपाल! सगळी भावकी हार घेऊन राजभवन पाहायला आली. माझे दोन खोल्यांचे घर आणि त्यातली पुस्तके पाहून ती जेवून परत गेली.

पहिल्याच वर्षी इमारतीसाठी अनुदान आले. कार्यकारिणीला अतिथिगृह हवे होते. दिवाकररावांनी तर लेखी मत दिले की पाहुण्यांना उतरायला जागा नसणे ही विद्यापीठाची नाचक्की आहे. पाहुणे येऊन वाचतील काय, हा प्रश्न त्या विद्वानांच्या सभेत एकालाही पडला नाही. मी साऱ्यांना विनंत्या करून पाहिल्या. विनंतीने काही होत नाही हे लक्षात आल्यावर मी माझ्या मूळ स्वभावावर आलो.

मंत्री एका समारंभाला आले होते. मी भाषणात म्हणालो, "राजधानी भोपाल को मिली, हाईकोर्ट जबलपुर को मिला। यानी लड़ने का इंतज़ाम हो गया, पढ़ने का रह गया।" सभा हसली. मंत्री हसले नाहीत. नंतर चहाच्या वेळी त्यांनी मला विचारले, "डॉक्टर साहब, इतनी किताबें पढ़ेगा कौन?" मी म्हणालो, "जी, आप निश्चिंत रहें। आपको तकलीफ़ नहीं दी जाएगी।" त्यांना ते कळायला थोडा वेळ लागला. मग इतका राग आला की त्यांनी तिथल्या तिथे ग्रंथालय मंजूर केले, मी ते चालवू शकणार नाही हे जगाला दाखवायला. शेठ, मालगुजार, भोपाळचे सचिव, सर्वांना मी असाच लाजवत गेलो. कोणी लाजेने दिले, कोणी माझे तोंड बंद व्हावे म्हणून दिले. प्रेमाने कोणीही दिले नाही. कलचुरींच्या शिलालेखांचे ठसे, फारसी तवारिखा, गोंडी शब्दसंग्रह, अख्खे मराठी दालन, हे सर्व असे आले. संशोधक पुण्याहून, काशीहून येऊ लागले आणि धर्मशाळेत उतरू लागले. अतिथिगृह नाही म्हणून एकही परत गेला नाही.

उद्घाटनाच्या दिवशी दारातून पहिले आत शिरले ते दिवाकरराव. पुस्तक मागितले आणि रंगाचा वास येतो अशी तक्रार केली.

४. दाराशी संगमरवरी पाटी आहे, तिच्याविषयी. मजकूर कुलसचिवांचा: 'यह पुस्तकालय कुलपति जी की अथक चेष्टा का फल है।' हिंदीत चेष्टा म्हणजे प्रयत्न. पण आमच्या लोकांना हिंदी येते आणि तरी डोळा मराठीच वाचतो. दिवाकररावांनी ती पाटी मोठ्याने वाचली आणि महाराष्ट्र समाजाच्या कोजागिरीपर्यंत गावभर पुरवली. अथक चेष्टेचे फळ! भानुमती तेवढी हसली नाही. ती म्हणाली, "तुम्ही जन्मभर सगळ्यांची चेष्टा करून राहिले. दगडालासुद्धा समजलं."

कुलसचिव पाटी बदलायला निघाले होते, मी बदलू दिली नाही. दोन्ही भाषांत खरे असलेले वाक्य सरकारी दगडावर पुन्हा यायचे नाही. ती पाटी जिथे आहे तिथेच राहावी, ही माझी इच्छा नोंदवून ठेवतो. इच्छा म्हणजे अट नव्हे, त्यामुळे ती पाळली जाणार नाही हेही नोंदवतो.

५. आता घर. हे घर आणि भोवतीची जागा माझी स्वकष्टार्जित आहे. विद्यापीठाला ती मोठ्या रस्त्याकडे फाटक काढायला हवी आहे. सध्याचे कुलगुरू त्यासाठी पेढे घेऊन तीनदा येऊन गेले. "सर, आपके ही नाम से गेट बनाएँगे।" माझ्या नावाचे फाटक! आणि त्यातून बाहेर काय जाणार, तेही ऐका. याच गृहस्थांनी फतवा काढला आहे की दहा वर्षांत ज्या पुस्तकावर तारखेचा शिक्का पडला नाही, ते 'मृत' समजून रद्दीत काढावे. रिकाम्या दालनात संगणक बसणार आहेत. हाच नियम त्यांनी प्राध्यापकांना लावून पाहावा, चार विभाग दुपारपर्यंत ओस पडतील.

नियम तर आहे. म्हणून मी आठवड्याला पिशवीभर पुस्तके घरी आणतो. मराठी दालनातली, मोडीच्या व्याकरणाची, कुणी न मागितलेली. शिक्का मारून घेतो, परत नेतो, दुसरी आणतो. शिक्का पडला की पुस्तक दहा वर्षे जगले. पण आता जिना चढताना मला दम लागतो. मी गेलो की ती पुस्तकेही माझ्या मागोमाग जातील, याची मला भीती वाटते. या वयात दुसऱ्या कशाची वाटत नाही.

सबब मी असे ठरवतो:

(अ) घर श्रीरंगने घ्यावे आणि निवृत्तीनंतर त्यात राहावे. अट एवढीच की दर आठवड्याला त्याने स्वतः ग्रंथालयात जावे, ज्यांच्यावर शिक्का पडलेला नाही अशी पुस्तके पिशवीभर स्वतःच्या नावावर घ्यावीत आणि घरी आणावीत. शिपाई पाठवलेला चालणार नाही.

(आ) त्याचा एक आठवडा जरी चुकला, तरी घर व जागा विद्यापीठाकडे जावी. खुशाल फाटक काढावे.

(इ) विद्यापीठाने मराठी दालन बंद केले किंवा त्यातले काहीही रद्दीत काढले, तर घर त्या दिवसापासून बिनशर्त श्रीरंगचे होईल, आणि फाटकाचा विषय कायमचा संपेल.

म्हणजे विद्यापीठ श्रीरंगच्या आळसाकडे डोळे लावून बसेल आणि तोवर दालन उघडे ठेवील. श्रीरंग विद्यापीठाच्या मूर्खपणाकडे डोळे लावून बसेल आणि तोवर पिशवी उचलील. सद्गुणांच्या भरवशावर मला आयुष्यात एक कपाटही उभे करता आले नाही. लोभावर आणि अपमानावर अख्खी इमारत उभी राहिली, तेव्हा आता मार्ग बदलण्याचे कारण दिसत नाही.

हे कलम मी श्रीरंगला वाचून दाखवले. तो उठून उभा राहिला. म्हणाला, "लहानपणी खोलीत पुस्तकं आली म्हणून मला ओसरीवर झोपवलं. आता मेल्यावर पण तेच? चलो, ठीक आहे, देऊन टाका विद्यापीठाला. मी भाड्याने राहीन." तो खरोखर संतापला होता. त्याची माफी मी मागत नाही. ओसरीवर वारा चांगला येत असे. पण तो गेला नाही. दाराशी चप्पल घालून थांबला आणि पाठमोराच म्हणाला, "पढ़ना भी पड़ेगा क्या?"

मी म्हणालो, "नाही. फक्त आणायची." त्याचे उत्तर अजून आलेले नाही. तो हो म्हणाला तर मला बरे वाटेल. हे मी त्याला तोंडावर सांगू शकलो नाही, म्हणून इथे लिहितो.

६. श्रीरंगने अट पाळली की नाही, याचा निवाडा दिवाकरराव खानझोडे यांनी करावा आणि त्यांचा शब्द अखेरचा मानावा. त्यांची निवड प्रेमापोटी केलेली नाही. तीस वर्षांत या माणसाने माझी एक चूक सोडली नाही. निमंत्रणपत्रिकेतला ऱ्हस्व-दीर्घ धरून त्याने माझ्याशी दीड वर्ष अबोला धरला. असा माणूस माझ्या मुलाला सवलत देईल, ही शंकाच नको. श्रीरंगने त्यांना चहा पाजून काही होणार नाही. ते चहातही दोष काढतात.

७. माझा मराठी शब्दकोश विनीताला द्यावा. चेष्टा या शब्दाचा अर्थ तिने मला विचारला होता, "आजोबा, चेष्टा मतलब कोशिश ना?" मी हो म्हणालो. दुसरा अर्थ तिने स्वतः शोधावा.

८. माझी शाल, मानपत्रे आणि समारंभांतल्या समया ज्याला हव्या त्याने न्याव्यात. मानपत्रांच्या चौकटी चांगल्या सागवानी आहेत. आतला मजकूर टाकून द्यावा.

यापूर्वी मी कोणतेही मृत्युपत्र केलेले नाही. हे पहिले आणि अखेरचे. वर जे लिहिले ते मी वाचून, समजून आणि एकही विशेषण मागे न घेता खाली सही करीत आहे.

जबलपूर
१७ नोव्हेंबर १९८९

पुंडलिक तुळशीराम सावरबांधे

साक्षीदार:

(१) डॉ. सुहासिनी घाटोळे. सही करणारे पूर्ण शुद्धीत आहेत. त्यांनी आमच्या दोघांच्या समोर सही केली.

(२) दिवाकर अंबादास खानझोडे, निवृत्त प्राध्यापक. मला या मृत्युपत्राने काहीही मिळत नाही, म्हणून साक्षीदार होण्यास मी पात्र आहे. माझ्याविषयीचा मजकूर मला मान्य नाही. निमंत्रणपत्रिकेत 'कुलगुरू' चुकले होते, आणि ते चूकच होते. कायद्याप्रमाणे मी त्यांच्या समोर बसून हे लिहीत आहे. सही झाल्यावर त्यांनी चष्मा काढून ठेवला आहे, तेव्हा पुढची ओळ त्यांना वाचता येणार नाही. श्रीरंगचा एखादा आठवडा चुकला, तर तो माझ्या नजरेस पडणार नाही. त्या आठवड्याची पिशवी मी आणीन.