मशीन नातीला, फुकटचा पोस्ट कुणालाच नाही

सगळ्यांत आधी आले शेजारचे टर्नर, हात न धुताच. मागून डॉक्टरीणबाई. मृत्युपत्राला साक्षीदार म्हणून बोलावलं, तर दोघांनी आधी चहा मागितला. चहा झाला, आता लिहिते. मी या कारखान्याची मालकीण, शाळा नावापुरती, डोकं ठिकाणावर (बाईंनी आत्ताच तपासलं आणि हसल्या), कुणाच्या दडपणाखाली न येता ठरवते ते असे.

घर दोन्ही मुलांना निम्मं निम्मं. जिना दोघांचा, त्यावरून भांडू नका.

बँकेतली ठेव धाकट्या सुनेला. तिनं माझं दुखणं काढलं आणि माझ्या गप्पाही ऐकल्या. दुसरं जास्त अवघड.

मापं घ्यायचा व्हर्नियर दिराला. त्यानं तो कधीच नेलाय. आता निदान तोंड चुकवत फिरू नये.

कॉम्प्युटरच्या हुकमावर लोखंड कापणारं सीएनसी मशीन थोरल्याच्या मुलीला. थोरला म्हणतो, "आई, तिनंच आपटलं ना ते? विकून टाकू." आपटलं, खरंय. कॉम्प्युटरवरच्या आराखड्यावरून मशीनला कळतील असे हुकूम जो प्रोग्रॅम लिहून देतो, त्याला पोस्ट म्हणतात. पोरीनं तो नेटवरून फुकट उतरवला. कुठल्या मशीनसाठी लिहिलेला, देव जाणे! स्क्रीनवर सगळं गोड दिसलं. इथं मात्र कापायचं टूल वर उचलायच्या आधीच आडवं पळालं आणि धाडकन लोखंड पकडणाऱ्या व्हाइसवर. टूलचा तुटका तुकडा थोरल्याच्या कानाजवळून गेला. तेव्हापासून पोरीला तिथं उभी बघितली की त्याचा जीव खालीवर होतो. बाबा रे, मला कळतं ते.

पण पोरीनं ना कॉम्प्युटरला बोल लावला, ना मशीनला. सगळे हुकूम वाचत बसली, चुकीची ओळ शोधली आणि म्हणाली, "आजी, न वाचता चालवलं मी." मला इतकं बरं वाटलं म्हणून सांगू!

तेव्हा अट अशी: फुकटचा पोस्ट या मशीनवर चढवायचा नाही. मशीनवाल्यांनी दिलेलासुद्धा आधी वाचायचा, मग टूल हातभर वर ठेवून हवेत फिरवायचा, मग मेणाच्या ठोकळ्यावर, मगच लोखंड. तोवर मशीन बंद करायच्या लाल बटणावर हात थोरल्याचा.

थोरल्यानं हे दोनदा वाचलं. "बटण माझ्याकडे असेल तर नाही विकत," म्हणाला, आणि बाहेर जाऊन मशीन पुसायला लागला.

ठिकाण: कारखान्यामागची खोली. मंगळवार, तारीख शिक्क्यावर.
सही: आजी
साक्षीदार: शेजारचे टर्नर, डॉक्टरीणबाई

मशीनवाल्यांचा पोस्ट हवेत फिरवून बघायला दोघं साक्षीदार शुक्रवारी येतो म्हणालेत.