पिंजऱ्याची कडी

२४ फेब्रुवारी
आबांनी पुन्हा पिंजरा उघडला. मी आतल्या खोलीत संगणकावर अंकाचं पान लावत होते, जेमतेम दहा मिनिटं. बाहेर येऊन बघते तर ठमी त्यांच्या पायाशी, आणि हे तिला बिस्किट भरवतायत. म्हणजे कुईकुई केलं की दार उघडतं, वर खाऊही मिळतो. छान शिक्षण चाललंय कुत्रीचं.

डॉक्टरीणबाईंनी आबांच्या समोर सांगितलंय. ठमीचा मोडलेला पाय वाकडा जुळलाय, आठ तारखेला सळई घालायची, मग सहा आठवडे पिंजरा. "आत शांत पडायला शिकवा. धडपड केली तर सळई निसटेल, मग पायच काढावा लागेल." तेव्हा आबांनी मान डोलावली होती!

२५ फेब्रुवारी
भांडण. "तीस वर्षं तुरुंगात माणसांना कुलपं लावली," म्हणाले. "निवृत्त झालोय. घरात नाही लावणार."

ठाऊक आहे. आंघोळीलासुद्धा कडी लावत नाहीत. पाहुणे आले की बाथरूमबाहेर मी पहाऱ्याला.

"तिथे आली होती का कधी कुणाची दया?" मी विचारलं. ताटावरून उठले.

उठू देत.

२७ फेब्रुवारी
अंक छपाईला जायला वीस मिनिटं, आणि ठमी आत जाईना. ढकललं, कडी घातली, कामाला बसले. तासाभराने पाहिलं — एक नख उपटलेलं, रक्त, खालचं अंथरूण ओलं.

आबांनी तिला पुसलं. मला एक शब्द बोलले नाहीत. त्याचाच जास्त संताप आला.

१ मार्च
कहर आहे. स्क्रूड्रायव्हर घेऊन बसले आणि पिंजऱ्याचं दारच काढून ठेवलं! हातात सात दिवस.

"पाय गेला तर तुम्ही जबाबदार."

"बरं."

या 'बरं'ने माझं डोकं फिरतं. आईचंही फिरायचं.

३ मार्च
पिंजऱ्याला खुर्ची लावून, ठमीकडे पाठ करून, दिवसभर पेपर वाचतात. जेवणाची वाटी आत. ती जाते, खाते, तिथेच झोपते.

५ मार्च
दार परत बसवलं. कडीला तेल दिलंय, वर चिंधी गुंडाळलीय.

"दारापेक्षा कडीचा आवाज खातो," म्हणाले. "नवा कैदी आला की मी कोठडीकडे पाठ करून बसायचो. टक लावून पाहिलं की बिथरतात."

दार लोटलं. ठमीने नुसता कान हलवला.

"मग हे आधी का नाही सांगितलंत?"

"विचारलंस कधी?"

राग अजून आहे. कुणावर, ते मात्र आता नीट लिहिता येत नाही.

९ मार्च
सळई नीट बसली. आज घरी आणलं. ठमी तीन पायांवर स्वतःहून आत गेली. मी कडीला हात घातला तर आबा म्हणाले, "बाजूला सर. मी लावतो. हात बसलाय माझा."

लावली. पेपरची घडी करून ठेवली, बाथरूममध्ये गेले. नळ मोठा सोडल्याचा आवाज आला. त्याआधी कडीचा — आतून.