फोटो नाही

१३ ऑक्टोबर २०२५, सोमवार

डॉक्टर म्हणाला, काका, रोज एक पान लिहीत जा. अक्षर बारीक होत चाललं का ते मला बघायचंय. म्हणजे तो अक्षर बघणार, मजकूर नाही. मग वाट्टेल ते लिहू!

उजवा हात गेला. म्हणजे आहे जागेवर, पण अंगठा आणि पहिलं बोट एकमेकांवर घासत राहतात, दिवसभर. माय बिड्या वळायची, अगदी तसे. डॉक्टरला विचारलं, ब्रश किती दिवस धरता येईल? म्हणाला, गोळ्या सुरू करू, बघू. हे 'बघू' मला चांगलं ठाऊक आहे. चाळीस वर्षं गिऱ्हाइकांना मीही तेच सांगत आलो.

१४ ऑक्टोबर

दुकान उघडलं. बसलो. बंद केलं.

१७ ऑक्टोबर

एक जण आला होता, बाप वारलेला. मी खूश. तर म्हणे, फक्त फ्रेम पाहिजे, फोटो बनवून आणला आहे. आधार कार्डावरचा फोटो, त्याला कोट चढवलेला, मागे ढग. बापानं जन्मात कोट घातला नसेल! पण गोरापान केला होता बापाला, लेक समाधानी. चौकात जा, तेच. वाढदिवसाचा फ्लेक्स आणि श्रद्धांजलीचा फ्लेक्स शेजारी शेजारी, दोन्हीवर माणूस तसाच गुलाबी. कोण जिवंत, कोण गेलं, ओळ वाचल्याशिवाय कळत नाही.

मी मेलेल्यांच्या तसबिरी रंगवल्या, सगळं आयुष्य. आता माझंच दुकान मेलं आहे आणि त्याची तसबीर काढायला कोणी नाही. जाऊ दे.

१८ ऑक्टोबर

आज ठरवलं. हात पुरता जायच्या आधी मायचं चित्र काढायचं. एवढंच. बाकी काही नको.

साऱ्या गावाच्या आया काढल्या, स्वतःची राहिली. दरवर्षी म्हणायचो, पावसाळ्यात गिऱ्हाईक कमी असतं, तेव्हा काढू. अठ्ठेचाळीस पावसाळे गेले. लाज वाटते.

मायचा एकच फोटो आहे. जत्रेतला, मागे ताजमहालाचा पडदा. मी तीन वर्षांचा. मी हलून राहिलो होतो म्हणून फोटोवाला ओरडला, आणि माय मला धरायला खाली वाकली. तेवढ्यात त्यानं दाबलं. फोटोत माझं थोबाड स्वच्छ आलं आहे. मायचा फक्त भांग दिसतो. मी चौदाचा असताना ती गेली. दुसरा फोटो नाही.

हरकत नाही! बिनफोटोची कामं हीच तर माझी खासियत. ऑर्डरच्या रजिस्टरमध्ये अशा नावापुढे मी लाल शाईनं लिहायचो — 'फोटो नाही'. नातेवाइकांना समोर बसवायचं, चहा पाजायचा, विचारत जायचं. नाक कोणावर गेलं? हसताना दात दिसायचे का? गिऱ्हाइकाच्या तोंडून चेहरा काढायचा, ही विद्या सगळ्या नागपुरात माझ्याकडेच होती. शेवटी डोळ्यात पांढरा ठिपका. ठिपका पडला की माणूस बघायला लागतं, आणि समोरची मंडळी रडायला. ''हेच जी! अश्शीच होती आमची माय!''

आता गिऱ्हाईक मीच.

२३ ऑक्टोबर

पाच दिवसांत तीन कागद फाडले. पहिल्यांदा नाक आलं ते पिंटू टेलरच्या आईचं. दुसऱ्यांदा पूर्ण चेहरा एका मास्तरणीचा, जिला मी दोन हजार आठ साली काढलं होतं. हात हलतो ते सोडा, मनगट टेबलाला बांधून काम करता येईल. पण डोळे मिटले की समोर काही येतच नाही! तिचा आवाज येतो. तंबाखूचा वास येतो. चेहऱ्याच्या जागी नुसता भांग.

वंदना म्हणाली, ''जेवून घ्या नं जी, माय काही पळून नाही चालली.'' मी ताट ढकललं. बायकोवर राग काढायला मला काय जातं? नंतर गार भात खाल्ला.

२ नोव्हेंबर, रविवार

मौद्याला ताईकडे गेलो, चौथा कागद घेऊन. मायला पाहिलेलं आता ताई सोडून कोणी उरलं नाही. ताई सत्तरची झाली, एका डोळ्यानं बघते. कागद जवळ घेतला, लांब धरला.

''हे कोण होय?''

माय आहे ताई.

''हट्! माय अशी नव्हती गा.''

मग कशी होती? सांग नं! तर म्हणते, चांगली होती. अशी उत्तरं मी गिऱ्हाइकांकडून हजारदा ऐकली, तेव्हा चहा पाजून पाजून पुढचं काढायचो. आज बहिणीवर खेकसलो. नीट सांग, नाक, हनुवटी! ती गोंधळली, उगीच पदर चापचोपू लागली. मग एकदम म्हणाली, ''कान फाटला होता तिचा. उजवा. पाळीचे दोन तुकडे लोंबत. तूच फाडला नं! आंगावर पीत होता तवा कानातलं ओढलं. तुले काहीच आठवत नाही का रे?''

मी म्हटलं, नाही, मायचा कान चांगला होता. ती म्हणते फाटका. आमचं जोरात भांडण. ''तू मले खोटी पाडून राहिला का?'' म्हणून ती रडली. भाच्यानं मला बसवर आणून सोडलं.

ताईचं डोकं आता चालत नाही हेच खरं. म्हणजे तोही रस्ता बंद.

५ नोव्हेंबर

नंदिनीनं माझा आणि ताईचा फोटो मोबाइलला खाऊ घातला. ''बाबा, दोघांचा मिळून आजीचा चेहरा बनवते तो.'' बनवला. एक बाई आली, टूथपेस्टच्या जाहिरातीतली. पोरगी मनापासून करते आहे, तिला काय बोलणार? छान आहे म्हटलं.

९ नोव्हेंबर

काही नाही. हात.

१२ नोव्हेंबर

गोळी बदलली. डोकं गरगरतं. मायचा कागद पलंगाखाली सरकवला. झालं, संपलं. मी हरलो. आईचा चेहरा विसरलेला माणूस — आणि धंदा काय, तर चेहरे!

१९ नोव्हेंबर, बुधवार

आज जे झालं ते नीट लिहितो. हळू लिहितो, अक्षर फार बारीक येतंय.

दुपारी वाडीहून चंद्रभान आले. गोदामात मुकादम होते, आता घरीच असतात. चादरीत गुंडाळलेली तसबीर. म्हणाले, ''पेंटरभाऊ, त्र्याण्णवमधी तुम्हीच काढली होती, आमच्या आईची. ओल लागली, फ्रेम बदलून द्या. तीस तारखेले पुण्यतिथी हाय.'' बरं म्हटलं. चादर काढली.

माय.

माझी माय! तीच. बारीक कपाळ, खालचा ओठ जरा पुढे, मला रागवायच्या आधी व्हायचा तसा. पदर कानामागे सारलेला. आणि उजव्या कानाची पाळी फाटलेली, दोन तुकडे.

मी स्टूलवर बसलो. चंद्रभान म्हणाले, ''चक्कर आली का जी?'' वंदनानं पाणी आणलं.

मला आठवलं सगळं. फोटो नाही, चंद्रभान तेव्हा सतरा-अठराचे, त्यांच्यामागे तीन लहान भावंडं, बाप मुका झाल्यासारखा. कोणालाच काही सांगता येईना. मी आपला काढत गेलो, हात जाईल तसा. पोरं तसबीर बघून तिला बिलगली होती. मला वाटलं होतं, काय माझी विद्या!

चंद्रभान म्हणाले, ''एक काम आणखी. हा कान तेवढा सारखा करून द्या. आमच्या आईचा कान काही फाटका नव्हता. बाप म्हणे, राहू द्या, पेंटरले जास्त समजते. आता सून म्हणते, बरं नाही दिसत.''

मी 'बघू' म्हणालो.

२० नोव्हेंबर

झोप नाही. तसबिरीतल्या कपाळावर कुंकू आहे, त्यांच्या रीतीप्रमाणे मीच लावलं असणार. कोपऱ्यात हाराचे डाग. बत्तीस वर्षं तिला हार, उदबत्ती, सणाला नैवेद्य.

माझी माय! छप्पन्न साली दीक्षाभूमीवर उभी राहिलेली, घरातले देव डबक्यात सोडून आलेली. बिड्यांचा माल द्यायला जायची तेव्हा अशाच घरांमध्ये तिला वरून, ओंजळीत पाणी मिळायचं. तिथे आता तिच्या पाया पडतात. हसू की रडू? दोन्ही केलं. वंदना घाबरली.

सांगावं का चंद्रभानला? सांगितलं तर? हार काढतील? नाही, माणूस चांगला आहे. पण त्याची आई जाईल. त्याच्याकडे तरी दुसरी कुठे आहे? फोटो नाही!

आणि नाही सांगितलं तर कान शिवायचा. मीच फाडला, मीच बुजवायचा.

२१ नोव्हेंबर

नंदिनीनं तसबिरीचा मोबाइलमध्ये फोटो काढला, प्रिंटही आणली. ''घ्या बाबा, आता आजी कायमची तुमची.'' प्रिंट चांगली आहे. तिच्यात कुंकू जास्त लाल आणि कान काळपट, गाल चकचकीत. मी जपून ठेवली. पोरीच्या डोक्यावरून हात फिरवला, तो हलत होताच.

पण रंगातली माय वेगळी. मी स्वतः उतरवणार. ब्रश अजून धरता येतो.

२६ नोव्हेंबर

उभ्या-आडव्या रेघा मारून चौकटी पाडल्या, चौकटीमागे चौकट उतरवत गेलो. हेच काम मी झोपेतही करायचो. वंदनानं मनगट टेबलाला पंच्यानं बांधून दिलं. कपाळ झालं. ओठ जवळजवळ झाला. ठिपक्याला हात नेला आणि ब्रश असा उडाला की डोळाभर पांढरं! पुसलं. पुन्हा. पुन्हा. शेवटी वंदना म्हणाली, ''राहू द्या नं जी आता.'' आणि पंचा सोडताना तीच रडायला लागली.

माझ्यात ती होती तेव्हा मी ती दुसऱ्याला दिली. आता हवी तर हात नाही. संपलं ते संपलंच.

ब्रश सगळे धुऊन डब्यात भरले.

२९ नोव्हेंबर, शनिवार

नवी फ्रेम, नवी काच. चंद्रभान आले. मी हात पुढे केला, थरथरता. म्हटलं, भाऊ, कान नाही जमला, बघा, असा हात आहे. या आजारानं एवढं एक काम चांगलं केलं, खोटं बोलावं लागलं नाही.

त्यांनी माझा हात आपल्या दोन्ही हातांत धरला. ''अरे बाप रे. राहू द्या जी कान. तुमच्या हातचं हाय, तसंच बरं.'' मग तसबीर कपाळाला लावली. मीही लावली, त्यांना वाटलं मी त्यांच्या आईचा मान राखून राहिलो.

ऑटोत उभी धरून नेली. मी रस्त्याच्या कडेला होतो.

३० नोव्हेंबर

आज वाडीला तिची पुण्यतिथी. म्हणजे त्यांच्या आईची. पुरण केलं असेल. मायला पुरण फार आवडायचं, मिळायचं नाही.

३ डिसेंबर

ताईला फोन केला. म्हटलं, कान फाटकाच होता, तू बरोबर होतीस. ती म्हणाली, ''मंग! मी काय सांगून राहिली होती?''

रात्री एक विचार आला तो जात नाही. रजिस्टर काढलं. लाल शाईची नावं मोजली. चंद्रभान सोडून छत्तीस.

छत्तीस घरांतल्या लोकांना मी विचारलं, नाक कसं, ओठ कसे. त्यांनी सांगितलं आणि मी ऐकलं, असं मला वाटत होतं. खरंच ऐकलं का? का फसवलं सगळ्यांना? की प्रत्येक घरी थोडी थोडी देत गेलो आणि माझ्यापाशी नुसता भांग उरला?

७ डिसेंबर

पहिला पत्ता — घर पाडून चार मजली उभी आहे. ती माणसं कुठे गेली, कोणाला माहीत नाही.

दुसरा — नातवानं दार उघडलं. भिंतीवर फ्लेक्सची आजी, गुलाबी, मागे ढग. जुनी तसबीर कुठे? ''भंगारवाल्याले देली वाटते, काका.'' कशी होती रे ती? ''जुनीच होती.''

पाय दुखतात. वंदना म्हणते, आता बस करा. बरोबर म्हणते. आता बस.

९ डिसेंबर

तरी गेलो. तिसरा पत्ता, सक्करदरा, तलावामागची गल्ली. एका म्हातारीनं दार उघडलं. ''कोण पाहिजे जी?'' तिच्या डोक्यावरून भिंत दिसत होती. हिरवं लुगडं, कुंकू नाही, ओठ जरा पुढे, फाटका कान. म्हातारी वळून बघत म्हणाली, ''थे आमची सासू. या नं, बसा.''

बसलो. तेहेतीस घरं राहिली.