दार वाजवणाऱ्या माणसाबद्दल

मी, खाली सही करणारी, वय बावन्न, काम रंगमंचावर एकटीने उभं राहून लोकांना हसवणं, हे पूर्ण शुद्धीत, कोणीही भरीस न घालता, स्वतःच्या हाताने लिहीत आहे. सोमवारी माझं ऑपरेशन आहे. डॉक्टर म्हणतात, काळजीचं कारण नाही. तरी लिहून ठेवते.

एक. राहता फ्लॅट, दोन खोल्या व गॅलरी, माझ्या थोरल्या बहिणीला, ताईला, द्यावा. ती नको म्हणेल. तिला आग्रह करू नये. किल्ली मात्र तिच्याकडेच राहू द्यावी.

दोन. कार्यक्रमात घालायचा काळा कोट ताईने शिवला आहे. माझे कागद पडू नयेत म्हणून आतल्या खिशाला तिने दुहेरी टीप मारली होती. कोट तिला परत द्यावा. खिसा रिकामा आहे, मी तपासला आहे.

तीन. ज्या दंतवैद्याबरोबर मी दीड वर्ष फिरले, त्याला त्याची किटली द्यावी. त्याच्या अंथरुणातल्या सवयींवर मी स्टेजवर वीस मिनिटं विनोद केले. त्याची होणारी बायको पहिल्या रांगेत बसली आहे, हे मला माहीत होतं.

चार. माझ्या मॅनेजरला काहीही देऊ नये. माझ्या नावाने त्याने कार्यक्रम ठेवू नये. दोन मिनिटं शांतता पाळायला हरकत नाही. ती त्याला कधी जमलेली नाही. माझ्या गाजलेल्या विनोदात ‘मैत्रीण’ नको, ‘सख्खी बहीण’ म्हण, मग बघ हॉल कसा उठतो, असं तो म्हणाला होता. पण स्टेजवर ते म्हणाले मी.

पाच. ज्या सात मिनिटांमुळे लोक मला ओळखतात, त्या चित्रफितीचे सर्व हक्क ताईला द्यावेत. तिने ती सगळीकडून काढून टाकावी. हे मी केव्हाही करू शकले असते. केलं नाही, कारण पुढच्या प्रत्येक हॉलमध्ये लोक तीच मागत होते.

खरी हकीकत अशी. दंतवैद्याशी बिनसल्यावर एका दुपारी मी ताईच्या शिलाई मशीनजवळ बसून रडत होते. नाही म्हटलं की हे पुरुष आठवडाभर तोंड फिरवून बसतात, असं म्हणत होते. माझं रडं थांबावं म्हणून तिने स्वतःचं सांगितलं. दोन मुलं पोटातच गेली, त्यानंतर तिला अंगाला हात लावलेला सहन होईना. भावोजी पलीकडच्या खोलीत झोपू लागले. अकरा वर्षं ते दार वाजवून ‘येऊ का?’ विचारत होते. ती नको म्हणाली की परत जात, आणि सकाळी नेहमीसारखा तिचा चहा ठेवत. ‘‘असा माणूस मिळायला नशीब लागतं गं,’’ ती म्हणाली, आणि दाताने दोरा तोडला.

स्टेजवर मी मुलं वगळली. दार ठेवलं. माझ्या सख्ख्या बहिणीचा नवरा कुरियरवाल्यासारखा आहे, म्हणाले. दार वाजवतो, घरात कोणी नाही असं समजतो आणि पार्सल घेऊन परत जातो.

हे वाचताना साक्षीदार नर्सबाई पार्सलपाशी हसल्या, मग गप्प झाल्या. मला आधी ते हसूच ऐकू आलं.

भावोजी पाणीखात्यात कारकून होते. तिथले लोक त्यांच्या टेबलावर टकटक करू लागले. त्यांनी बदली मागून घेतली. ताईने मला एकदाच फोन केला आणि काही न बोलता ठेवला.

सहा. बदलीच्या गावी जाण्याआधी भावोजी तिकीट काढून माझ्या कार्यक्रमाला आले होते. तिसऱ्या रांगेत बसले. पार्सलच्या वाक्याला सगळ्यांच्या आधी हसले, तो माणूस हे नव्हेत असं शेजाऱ्यांना वाटावं म्हणून. नंतर मी मेकअपच्या खोलीत एकटी होते. दार वाजलं.

‘‘येऊ का?’’

मी उत्तर दिलं नाही. ते थोडा वेळ थांबले आणि परत गेले.

म्हणून शेवटची सूचना. मी मेले तर दोघांना कळवावं. ते आले नाहीत तर त्यांना बोल लावू नये. आले तर माझ्या खोलीचं दार सताड उघडं असावं. त्यांना वाजवावं लागू नये.

साक्षीदार: खालच्या मजल्यावरच्या नर्सबाई (सही)
साक्षीदार: कोपऱ्यावरचे चष्मेवाले (सही)
ठिकाण: राहतं घर, स्वयंपाकघरातलं टेबल
दिनांक: एकवीस नोव्हेंबर, शुक्रवार
लिहिणारी: ताईची धाकटी बहीण (सही)