चारशे बारावा डोळा

आज सोमवार, दिनांक ११ मार्च २०२४. सकाळचे सात वाजून दहा मिनिटे झाली आहेत. मी कामाच्या टेबलाशी बसून बारीक ब्रश साबणाच्या पाण्यात धूत होतो. सहा धुऊन झाले, सातवा तसाच ठेवून हात पुसले आणि हे लिहायला घेतले, कारण दिवस चढतो तसा माझा दम उतरत जातो आणि अक्षर बिघडते.

मी, खाली सही करणारा, वय सत्तावीस, शिक्षण नववीपर्यंत, धंदा कृत्रिम डोळे बनवणे, माझ्यामागे माझ्या वस्तूंचे काय करावे ते येथे लिहून ठेवत आहे. गुरुवारी माझ्या हृदयाची झडप बदलायची आहे. शंभरातले चार जण त्यातून उठत नाहीत, असे डॉक्टरांनी मी तीनदा विचारल्यावर सांगितले. माझे डोके ठिकाणावर आहे. बिघाड आहे तो छातीत. मला कोणी धाक घातलेला नाही की गळ घातलेली नाही. उलट आई म्हणते, "असलं अभद्र लिहू नकोस." तरी लिहितो, कारण काम अर्धवट ठेवून मला झोप लागत नाही. याआधी मी कोणतेही मृत्युपत्र केलेले नाही.

कलम १. आम्ही राहतो त्या दोन खोल्या भाड्याच्या आहेत. मालकाकडे पन्नास हजार अनामत आहे, ती आईला मिळावी. पावती लोखंडी कपाटात, वरच्या खणात, निळ्या पाकिटात आहे. वडिलांच्या पेन्शनमध्ये आपले भागते असे आई सांगते. भागत नाही, हे मला माहीत आहे, आणि मला माहीत आहे हे तिलाही माहीत आहे. मोरीतला नळ गळतो. वॉशर आणून ठेवला आहे.

कलम २. तीन वर्षांपूर्वी एका मंडळाने मला पितळी ढाल दिली. तिच्यावर "जन्मजात प्रतिभेस सलाम" असे कोरले आहे. ही ढाल मामाला द्यावी. "हे रक्तातच असावं लागतं, शिकून येत नाही," असे तो आमच्या घरी जेवायला येईल तेव्हा सांगत आला आहे. त्याचा त्यावर इतका विश्वास आहे, तर ती त्याच्याच भिंतीवर शोभेल. खिळा त्याने स्वतः ठोकावा.

कलम ३. दुकान, म्हणजे उत्तरेला खिडकी असलेली एक खोली, मी दोन वर्षांपूर्वी मास्तरांकडून हप्त्याने घेतली. मास्तर म्हणजे मला ही कला शिकवणारे गृहस्थ. त्यांचे हात आता कापतात म्हणून ते मुलीकडे राहतात. त्यांचे बारा हजारांचे तीन हप्ते बाकी आहेत. ते फेडावेत. मी आधी असे लिहिले होते की, पुढे कलम ६ मध्ये सांगितलेले काम त्यांनी केले तरच हप्ते द्यावेत. पण खालच्या दुकानातले चष्मेवाले काका, ज्यांनी आजवर सात मृत्युपत्रांवर साक्ष केली आहे, ते वाचून म्हणाले, "अरे बाबा, देण्याचे पैसे अटी घालून फेडतात होय? ते त्यांचेच आहेत." म्हणून ते वाक्य सहीच्या वेळी खोडले आणि हे समासात लिहिले आहे. खोडलेल्या जागी सही केली आहे.

आता मुख्य गोष्ट. ती सांगण्याआधी आमचे काम कसे चालते हे लिहितो, म्हणजे पुढचे कोणालाही समजेल.

ज्याचा एक डोळा गेला आहे तो माणूस खिडकीशी बसतो. त्याच्या शाबूत डोळ्याकडे बघत शर्टाच्या बटणाएवढ्या काळ्या चकतीवर बुबुळ रंगवायचे. मग ती चकती पांढऱ्या वाटीत बसवायची, लाल रेशमाचे धागे सुटे करून त्यांच्या शिरा चिकटवायच्या, वरून पारदर्शक थर चढवायचा आणि पॉलिश करायचे. बाकी सगळे कोणीही शिकेल. अवघड ते बुबुळ. लांबून तपकिरी दिसणारा डोळा जवळून तपकिरी नसतोच. त्यात राख असते, गंज असतो, बाहुलीभोवती पिवळसर कडे असते, आणि बाहेरची कड रेघेसारखी संपत नाही, धुरासारखी विरते.

मी सोळाव्या वर्षी मास्तरांकडे लागलो तेव्हा मला यातले काही दिसत नव्हते. झाडलोट, साचे धुणे आणि आठवड्याला तीन चकत्या, एवढे माझे काम. चार महिन्यांनी मी पन्नासावी चकती दाखवली. मनात आले, आता तरी शाबासकी मिळेल. मास्तरांनी ती पहिल्या काही चकत्यांशेजारी ठेवली आणि म्हणाले, "पन्नास केल्यास असं वाटतं का तुला? एकच केलीस, पन्नास वेळा."

मी रडवेला झालो. म्हणालो, "माझ्या हातात नाही हे, मास्तर."

"हाताचं नंतर बघू. आधी बघायला शीक. या महिन्यात फक्त बाहेरची कड. बाकी काही रंगवलंस तर कान धरीन."

तेव्हापासून एका वेळी एकच चूक. महिनाभर कड, दीड महिना पिवळे कडे, चार महिने नुसता खोलपणाचा भास. प्रत्येक चकतीच्या मागे मी टोकदार पेन्सिलने आकडा आणि मास्तरांचा शेरा लिहीत असे. "कड कोरडी." "निळा जास्त." "मासळीचा डोळा." "बरा, पण झोपलेला." ज्या आठवड्यात शेरा मिळाला नाही, त्या आठवड्यात मी जागचा हललो नाही, हे चकत्या पुढेमागे लावल्या की आजही दिसते. तीन वर्षांनी, एकोणिसाव्या वर्षी, चारशे बारावी चकती केली. तिच्यामागे मास्तरांनी स्वतःच्या हाताने लिहिले, "हा बघतो."

मग त्यांनी ती चकती वाटीत न बसवता तशीच दर्शनी काचपेटीत ठेवली आणि खाली चिठ्ठी लावली : "पहिला डोळा. वय १६."

मी म्हणालो, "मास्तर, हे खोटं आहे."

"आपण विकतो ते काय खरं असतं?" ते हसले. "बाळा, गिऱ्हाईक मेहनतीला भाव पाडून मागतं. देणगीला हात जोडतं."

ते खरे निघाले. दैवी हाताचा मुलगा म्हणून लोक लांबून येऊ लागले. मी काही बोललो नाही. मला ते आवडले होते, हे लिहिताना कान गरम होतात. आता मात्र कंटाळा आला आहे. कोणी म्हणते, "देवानंच दिलंय तुम्हाला," आणि मी मान हलवतो. जिना चढण्यापेक्षा त्या मान हलवण्याने मी जास्त दमतो.

कलम ४. काचपेटीतला डोळा बाहेर काढावा व चिठ्ठी फाडावी. नवी चिठ्ठी मी लिहून ठेवली आहे : "चारशे बारावा डोळा. वय १९." मागे काय लिहिले आहे ते कोणी मागितल्यास दाखवावे.

कलम ५. माझी धाकटी बहीण, जिला आम्ही सगळे बारकी म्हणतो, तिला पुढील वस्तू मिळाव्यात : दुकान, माझी खुर्ची, भिंगाचा दिवा, पॉलिशची मोटर, सर्व ब्रश, रंगांच्या एकोणतीस बाटल्या, आणि बिस्किटांचे चार डबे. डबे माळ्यावर जुन्या गादीमागे आहेत. त्यांत चकती क्रमांक एक ते चारशे अकरा आहेत. हे डबे आजवर कोणी पाहिलेले नाहीत. तिच्यापासून ते लपवले, याचे कारण असे.

सहा वर्षांपूर्वी, सतराव्या वर्षी, बारकी दुकानात शिकायला आली. अकरा आठवडे आली. ती माझ्यापेक्षा धीट होती आणि रंग वाया घालवत नसे. पण रोज आल्याबरोबर काचपेटीसमोर उभी राहायची. एका दुपारी तिने आपली बारावी चकती त्या डोळ्याशेजारी धरली. मी मोटरवर पॉलिश करत होतो.

"दादा, हा खरंच तुझा पहिला?"

मी मोटर बंद केली नाही. म्हणालो, "हं."

एवढेच. तिने ब्रश धुतला, फडक्याने टिपला, उभा करून ठेवला. घरी मामा बसलेला होता. तो म्हणाला, "अगं, सगळ्यांना कशी मिळेल ती देणगी? वाईट वाटून घेऊ नकोस." पुढच्या सोमवारपासून ती लॉन्ड्रीच्या काउंटरवर लागली. अजून तिथेच आहे. शर्टांच्या कॉलरना नंबराच्या चिठ्ठ्या टाचते.

तिची बारावी चकती मी कचऱ्यातून काढून ठेवली होती. ती माझ्या बाराव्या चकतीपेक्षा चांगली आहे. थोडीच, पण आहे. यावरून तिच्यात देणगी आहे, असे मात्र कोणी तिला सांगू नये. नाही, असेही सांगू नये. पुढच्या चकतीत काय चुकले, तेवढेच सांगावे.

कलम ६. चुका सांगणारे कोणी नसेल तर नुसते रंगवून काही होत नाही. मास्तरांचे हात कापतात, पण नजर शाबूत आहे. त्यांनी सहा महिने दर बुधवारी येऊन बारकीच्या चकत्या बघाव्यात. प्रत्येक वेळचे पाचशे त्यांना द्यावेत. चिठ्ठी त्यांनी लावली होती, एवढी आठवण त्यांना पुरेल.

कलम ७. शिकायला वेळ लागतो, आणि वेळ फुकट येत नाही. मी शिकत होतो तेव्हा मास्तर अर्धा पगार देत आणि उरलेले आई रात्रंदिवस शिवणकाम करून भरून काढत असे. हे त्या ढालीवर कोरलेले नाही. म्हणून माझ्या बचतीतून बारकीला तिच्या लॉन्ड्रीच्या पगाराएवढी रक्कम अठरा महिने द्यावी.

येथपर्यंत लिहून सोमवारी दुपारी चष्मेवाल्या काकांना आणि समोरच्या दवाखान्यातल्या नर्सबाईंना सहीसाठी बोलावले. काकांनी चष्मा कपाळावर सरकवून सगळे वाचले.

"आणि तू वाचलास तर?"

"तर हे फाडून टाकीन."

"मग बारकीला कधी कळायचं?"

मी सहीचे पेन पुढे केले. नर्सबाई म्हणाल्या, "म्हणजे तिला खरं कळायला तू मरायला हवंस. शंभरात चार. फार कमी संधी देतोयस बिचारीला."

दोघांनी सही केली आणि गेले. मी ती रात्र बसून काढली. झोपून दम लागतो, हे एक कारण.

कलम ८ (मंगळवार, १२ मार्च, संध्याकाळी वाढवलेले). आज बारकी कामावरून आली तेव्हा मी डबे खाली काढून ठेवले होते. माळ्यावर चढायला मला तीनदा बसावे लागले. ती ओरडली, "परवा ऑपरेशन आणि आज हे उद्योग? अक्कल गहाण टाकलीस का?" मी पहिला डबा उघडून तिच्यापुढे सरकवला आणि सांगितले. सगळे सांगितले. मोटरचेही.

ती बराच वेळ चकत्या उलटून मागचे वाचत राहिली. एकदा हसली. "'मासळीचा डोळा' असं खरंच लिहिलंय?" मग हसणे थांबले.

"सहा वर्षं मी चिठ्ठ्या टाचतेय, दादा."

"माहीत आहे."

"नाही माहीत. तुला फक्त आकडा माहीत आहे." ती उठून खिडकीपाशी गेली. "रोज कुणीतरी विचारायचं, तुझा भाऊ एवढा कलाकार आणि तू इथे? मी सांगायचे, नाही हो, मला जमत नाही ते. हसून सांगायचे. तुझं कौतुक व्हायचं ना त्यात."

मी माफी मागितली. ती म्हणाली, "आत्ता नको. आत्ता तू आजारी आहेस, मला नीट रागावताही येत नाही." मग हे कागद मागून घेतले आणि उभ्यानेच वाचले.

"हे मेल्यावरचं मला नको. मेलेल्या माणसाशी भांडता येत नाही. आणि माझ्या चुका कोण सांगणार? मास्तर? त्यांनीच तर चिठ्ठी लावली. तू सांगायच्यास. त्यासाठी शुद्धीवर ये."

आई दारात उभी होती. तिने काय आणि किती ऐकले ते मी विचारले नाही. ती एवढेच म्हणाली, "पानं वाढलीत."

म्हणून कलम ५ आणि कलम ७ माझ्या मृत्यूची वाट न पाहता आजपासून लागू करत आहे. दुकानाची दुसरी किल्ली बारकीपुढे ठेवली आहे. तिने ती उचलली नाही. पहिला डबा मात्र आतल्या खोलीत नेला. मी जगलो तर दर बुधवारी तिच्या चकत्या मी बघेन, मास्तरांना त्रास देणार नाही. मग त्यांचे पाचशे वाचतील. मी नसलो तर कलम ६ कायम.

वरील मजकूर मी स्वतः लिहिला, दोनदा वाचला. दोन्ही साक्षीदारांनी मला सही करताना पाहिले आणि मी त्यांना. वाढवलेल्या कलमासाठी दोघांनी आज पुन्हा येऊन सही केली. नर्सबाईंनी नाडीही बघितली.

साक्षीदार १ : चष्मेवाले काका, तळमजला (सही)
साक्षीदार २ : नर्सबाई, समोरचा दवाखाना (सही)
लिहून देणार : मी (सही)
स्थळ : राहते घर, दुसरा मजला, जेवणाचे टेबल
दिनांक : १२ मार्च २०२४, रात्री आठ वाजून चाळीस मिनिटे

हिशेब
बचत : ४,१०,०००
खर्च झाले : हॉस्पिटलची अनामत १,५०,०००, तपासण्या व औषधे १४,६००
हातात : २,४५,४००
देणे : मास्तरांचे तीन हप्ते ३६,०००, मार्चचे भाडे ८,५००, सव्वीस बुधवार १३,००० (लागल्यास), बारकी, दरमहा ९,५०० प्रमाणे अठरा महिने, १,७१,०००
उरतात : १६,९००, आईला

बारकीच्या रकमेला तिचा होकार अजून आलेला नाही. पैसे मोजून वेगळे ठेवले आहेत.