सहा वाक्यांची भूमिका

हिल्सबरो, ऑकलंड
१४ मे २०२४

ती. मधूदादास,
लीलाचा शि. सा. न.

फोनवर तुला निम्मं ऐकू येत नाही, म्हणून पत्रच. कागदाचा फोटो पाठवतेय, तुझा वरुण छापून देईल.

माझ्या लेकीच्या, गार्गीच्या शेजारी मिलोराद नावाचे सर्बियन गृहस्थ राहतात. वय अठ्ठ्याहत्तर. तिकडे चाळीसेक सिनेमांत कामं केली, पटकथा लिहिल्या. नव्वदच्या दशकात युद्धाविरुद्ध एक लेख लिहिला आणि कामं मिळेनाशी झाली. मग इथे येऊन ‘ते रापा’ नावाच्या गावातल्या कारखान्यात वीस वर्षं दूध पावडरची पोती भरली.

आता बेलग्रेडच्या एका दिग्दर्शिकेने बोलावलंय. युद्धावरून परतलेल्या मुलाच्या बापाची भूमिका. एकच प्रसंग, सहा वाक्यं. मी राज्य नाट्य स्पर्धेत प्रॉम्प्टिंग करायचे हे गार्गीकडून कळलं, तसे वही घेऊनच आले. त्यांची वाक्यं मी देवनागरीत उतरवून घेतली, अर्थही लिहिला. पाच सुरेख म्हणतात, चौथ्याला अडतात. मला वाटलं, वय. पण काल म्हणाले की आठवतं, तोंडातून निघत नाही. वाक्य असं : आम्हाला काहीच माहीत नव्हतं. दिग्दर्शिका ते गाळायला तयार नाही. आता ते नकार कळवणार म्हणतात. तुला काय वाटतं?

तुझी,
लीला

पुणे
१७ मे

चि. लीलास अनेक आशीर्वाद.

तुझी वहिनी कैऱ्यांमागे लागलीय, त्यामुळे मला लिहायला सवड आहे. तुझ्या नटाला सांग, मी बँकेच्या नाटकांतून बावीस वर्षं खलनायक केला. एकदा तर सख्ख्या भावाला विष घातलं. म्हणून काही घरी कुणी माझ्या हातचा चहा सोडला नाही. पात्राचं खोटं आपल्याला चिकटत नाही. अर्थात खरं बोलून ज्याने एवढं सोसलं, त्याला शिकवणारा मी कोण? तरी वाचून दाखव. आणि थंडीत तिकडच्या त्या उघड्या चपला, जँडल्स, घालून हिंडू नकोस.

आशीर्वाद आहेतच.
मधूदादा

हिल्सबरो
९ सप्टेंबर

ती. मधूदादास शि. सा. न.

तुझं पत्र त्यांना इंग्रजीत वाचून दाखवलं होतं. विषाला हसले. भावाचं वाक्य पुन्हा वाचायला लावलं आणि उठून घरी गेले. आठवड्याने तिकीट काढलं.

काल परत आले. गार्गीच विमानतळावर गेली होती. चौथं वाक्य पहिल्याच टेकला म्हटलं, म्हणाले. युद्धाच्या वेळी त्यांच्या गल्लीत जो तो हेच म्हणत होता, त्यांचा सख्खा भाऊसुद्धा. त्यांनी ते भावाच्या आवाजात म्हटलं.

शूटिंग संपल्यावर ते त्या भावाकडे गेले. तीस वर्षांत बोलणं नव्हतं. भावाने दार उघडलं आणि उंबऱ्यातच म्हणाला, की मला माहीत होतं.

त्यावर ते काय बोलले, हे मी विचारलं. आत जाऊन भावाबरोबर जेवलो, म्हणाले.

वहिनीला नमस्कार. माया आहे तशीच राहू दे.

तुझी,
लीला