वरच्या मजल्यावरची मिरची

यांगोन
१२ मार्च २०१३

प्रिय अफे,

तुमची लेक इथूनच तीनदा डोकं टेकते. कोकोने कळवलं की तुमचा खोकला गेला, वहिनीच्या हातचं खाऊन पोट सुटलं आणि रोज संध्याकाळी बंधाऱ्यावरच्या चहाच्या दुकानात तुम्ही बुद्धिबळ खेळता. हरायला लागलात की पट उधळून देता, असंही कळलं. ऐकून बरं वाटलं. एकदम सुधारला असतात तर मला काळजी वाटली असती.

पत्र कशाला, फोन का नाही, असं म्हणाल. फोनवर तुम्ही 'हं' म्हणता आणि तो कोकोच्या हातात देता. पत्राला 'हं' म्हणून भागत नाही, ते निदान हातात धरावं तरी लागतं.

इकडे सगळं ठीक. आपली खोली आहे तशीच आहे, जिन्यातला दिवा अजून लागत नाही. खालचं मोहिंग्याचं, माशाच्या रश्श्यातल्या शेवयांचं, दुकान आता डो मे ठिनची सून चालवते. रस्सा पातळ झालाय, तोंड मात्र सासूसारखंच तिखट आहे. काल मला म्हणते, "ताई, तुम्ही गाता की भांडता? आमच्या ह्यांना फरकच कळत नाही." मी म्हटलं, "तुझ्या नवऱ्याला सांग, भांडताना मी ताल धरत नाही."

तुमची जुनी बस मोडीत निघाली, अफे. आता कोरियातून आलेल्या वापरलेल्या बस धावतात. दारं आपोआप लागतात. कंडक्टर पोरगा तोंडात पान धरून बसून राहतो, थांबे ओरडतच नाही. तुम्ही दाराला लटकून एका श्वासात सगळे थांबे घ्यायचात, मधेच एखाद्या जाड बाईला "मावशी, अर्ध्या सरका, अर्ध्या राहा" म्हणायचात आणि परत बरोबर त्याच ठेक्यावर यायचात. मी इंजिनाच्या गरम झाकणावर बसून ऐकायचे. मुलाखतीत मला विचारतात, अमेरिकेतल्या कुणाचं ऐकून रॅप शिकलात? मी दरवेळी एखादं नाव ठोकून देते. खरं सांगितलं तर मी चेष्टा करतेय असं त्यांना वाटेल.

पेपरवाले मला 'आपल्याकडची पहिली बाई रॅपर' म्हणतात. पहिली म्हणजे काय, तर आधी तीन वर्षं रॅप करणाऱ्या पोरांच्या मागे उभी राहून 'आ-आ-आ' करणारी. पोरांना कडव्याच्या मधे गोड आवाज हवा असायचा, तेवढ्यापुरती मी. एकदा त्यांच्यातला एकजण तापाने आला नाही, तर मी त्याचं कडवं म्हटलं. बाकीचे वाद्यं थांबवून बघत राहिले. एकजण म्हणाला, "अगं, श्वास कुठे घेतेस?" मी म्हटलं, "थांबा आला की." त्यांना काही कळलं नाही. तुम्हाला कळलं असतं.

मग माझी स्वतःची कॅसेट निघाली. दुकानदाराने ती लहान मुलांच्या गाण्यांत लावली, बाईची आहे म्हणून. सरकारी तपासणीला गाण्याचे शब्द लिहून द्यावे लागायचे, तेव्हा तिथल्या कारकुनाने कागद परत केला: "इतके शब्द एका गाण्यात कसे बसतील? खोटं सांगू नका." मी त्याच्या टेबलासमोर उभी राहून म्हणून दाखवलं. त्याने शिक्का मारला आणि म्हणाला, "बाई, आता पाणी प्या." नाव मी 'मिरची' घेतलं, ते तुमच्यामुळे. पाण्याच्या सणाला तुम्ही मोंलोन्येबोच्या, तांदळाच्या पिठाच्या, एका गोळ्यात गुळाऐवजी मिरची भरायचात आणि दरवर्षी तो माझ्याच वाटीत यायचा. कोको रडायचा, मी गिळून टाकायचे.

हे सगळं तुम्हाला कधी सांगितलंच नाही. तुम्ही विचारलं नाहीत, आणि तो दिवस मधे पडला.

त्या दिवसाबद्दल लिहायला मी बसले नव्हते. पण आता आलंच आहे तर असू दे.

माझा पहिला मोठा कार्यक्रम. मैदानाच्या फाटकावरच आयोजकांनी मचाण बांधलं होतं. मी वर, आणि लोक माझ्या खालून आत येणार. बाई वर, पुरुष खाली, हे कुणाच्या डोक्यात आलंच नाही, कारण तोवर तिथे गाणारे सगळे पुरुषच असायचे. अंगात मी जीनचं जाकीट घातलं होतं आणि खाली अमेचं जांभळं थमें नेसले होते. अमे जाऊन तेव्हा वर्षही झालं नव्हतं. आईचं नेसलेलं काहीतरी अंगावर असावं, एवढंच मनात होतं. कितीतरी पुरुष फाटकापाशी अडले. बाईच्या थमेंखालून गेलं की पुरुषाचं तेज जातं, म्हणून काही जण कुंपणावरून उड्या मारून आत आले. मला वरून हसू येत होतं. मग तुम्ही दिसलात. तो निळा शर्ट इस्त्री केलेला. तुम्ही फाटकाच्या तोंडाशी येऊन उभे राहिलात, माझ्याकडे बघितलंत, गाणं चालू असतानाच वळलात आणि भराभरा निघून गेलात.

मग सगळ्या वस्तीत बोलणं झालं, बाप सुद्धा पोरीखालून गेला नाही. पोरगी पुरुषांच्या डोक्यावर मिऱ्या वाटायला चढली. दुसऱ्या महिन्यात तुम्ही कोकोकडे राहायला गेलात. मला वाईट वाटलं, अफे. अजून वाटतं. बाकीच्यांच्या उड्यांना मी हसू शकले, तुमच्या पाठीला नाही.

बरं. आता जे लिहायचं होतं ते.

ह्या वर्षी पाण्याच्या सणाला थांज्यात, ती साहेबांना चिमटे काढणारी सवाल-जवाबाची गाणी, पुन्हा म्हणायला मोकळीक मिळाली आहे, ऐकलं असेलच. ती बंद झाली तेव्हा मी लहान होते, पण तुम्ही पुढे उभे राहून ओळ टाकायचात आणि मागून सगळी गल्ली उत्तर द्यायची, ते माझ्या कानात आहे. मी बायकांचा संघ काढलाय. पान विकणारी मा ठ्वे आहे, शिवणाच्या कारखान्यातल्या मुली आहेत, मोहिंग्याची सूनही आहे. भांडते म्हणून घेतली. ओळी मी टाकणार.

मंडप बांबूचा, दुमजली आहे. पुरुषांचे संघ वरच्या मजल्यावर. आम्हाला मंडप-प्रमुख ऊ ओं ठ्विननी खाली, रस्त्यावर जागा दिली, पाण्याच्या पाइपांच्या शेजारी. तिथून आमचा आवाज चार माणसांपलीकडे जाणार नाही. मी म्हटलं, आम्हीही वर. ऊ ओं ठ्विन बिडी विझवून म्हणाले, "पोरी, वर जायचंय तर जा. फक्त एक कर. तुझ्या बापाला त्या मजल्याखाली उभं करून दाखव. ऊ फो स्वे उभा राहिला तर वस्तीतला एकही पुरुष तोंड उघडणार नाही. तो या वस्तीचा थांज्यातवाला आहे." सगळे हसले. त्यांना माहीत आहे ना, तुम्ही त्या दिवशी काय केलंत.

मुलींना मी सांगितलंय की बघते. त्या रोज कामावरून दमून येतात आणि तालीम करतात. खाली उभं राहायचं असेल तर आपण नाहीच म्हणायचं, असं त्यांनीच ठरवलंय. म्हणजे आता तुमच्यावर आहे.

याल का?

नाही आलात तरी खोकल्याचं औषध पाठवत राहीनच.

तुमची लेक
न्यो सांदा

ता. क. माझ्या पहिल्या गाण्यात 'खरं का?' म्हटल्यावर मी एक जागा रिकामी सोडते, ढोलसुद्धा थांबतो. पोरं अजून म्हणतात, इथे काहीतरी भर. मी कधी भरलं नाही. कानात तसंच होतं. का, ते विचारायचं राहून गेलं.

•

हिंथाडा
२३ मार्च

लेकी,

पत्र मिळालं. बुद्धिबळात मी हरत नाही. समोरचा म्हातारा सोंगट्या सरकवतो म्हणून पट उधळावा लागतो. कोकोला नीट सांगता येत नाही.

मला लिहिण्याची सवय नाही. ओरडण्याची होती, ती मोडली. तेव्हा सरळ लिहितो.

मी थमेंमुळे वळलो असं तुला वाटलं. वस्तीला वाटलं. वाटू दिलं, कारण ते सोयीचं होतं. आता ऐक.

आपल्या खोलीत पावसाळ्यात कपडे घरातच वाळायचे. तुझी आई आपलं थमें खाली, कोपऱ्यात, खुर्चीच्या पाठीवर टाकायची, लोकलाजेने. ते वाळायचं नाही. दमट नेसून कामाला जायची आणि मग कंबर धरून बसायची. म्हणून ती मोहिंगा आणायला खाली उतरली की मी ते उचलून मधल्या उंच दोरीवर टाकायचो, पंख्यासमोर. आणि त्याच्या खालून ये-जा करायचो, दाढी करायचो, जेवायचो. ती वर आली की बघायची. फक्त दार लावून घ्यायची, शेजाऱ्यांनी बघू नये म्हणून. माझं तेज काय जायचं ते तेव्हाच गेलं असेल. बायकोला कोरडं नेसायला मिळालं. तेच जांभळं थमें. मी फाटकाशी आलो तेव्हा पहिल्यांदा तेच ओळखलं, तुला नंतर.

आणि मी खालून जाणारच होतो. पाय टाकला होता. तेवढ्यात तू वरून म्हणालीस, "खरं का?" आणि थांबलीस.

तुला आठवत नसेल, फार लहान होतीस. माझ्या शेवटच्या थांज्यातची ओळ होती:

आमच्या नळाला नुसताच वारा,
साहेबांच्या बागेत कारंज्याच्या धारा —
खरं का?

आणि मागून सगळी गल्ली: "खरंच की!" त्या ओळीपायी मला घेऊन गेले. काय झालं ते लिहीत नाही, तुझ्या आईलाही सांगितलं नाही. घरी सोडताना सही करून घेतली की हे पुन्हा तोंडातून निघणार नाही. मी पाळलं. बसमध्ये थांबे ओरडलो, बाकी काही नाही.

आणि तू त्या मचाणावरून तो ठेका टाकलास, शब्द तोच, जागा तितकीच. माझ्या तोंडातून निघालं. "खरंच की!" मोठ्याने, जसं पूर्वी निघायचं तसं. तुझ्या त्या भोंग्यांच्या आवाजात तुला ऐकू आलं नाही. पण माझ्या शेजारच्यांनी मान वळवली. एकजण हसून म्हणाला, "अरे, ऊ फो स्वे! ही तुझीच का?" आणि फाटकाला टेकून दोन पांढरे शर्ट उभे होते, कार्यक्रमाकडे पाठ करून, लोकांकडे बघत. मी असले खबरे ओळखतो.

त्यांना कळलं असतं की ही पोरगी कुणाची आणि ती जागा कशासाठी सोडते, तर तुझा आवाजही माझ्यासारखाच सही करून घरी आला असता. म्हणून वळलो. वाटेत कुणीतरी म्हणालं, "थमेंखालून नाही जात म्हातारा." मी मान हलवली. लोक हसले आणि पांगले. तुला सांगितलं असतं तर तू तो शब्द आणखी मोठ्याने म्हणाली असतीस. तू माझीच आहेस, मला माहीत आहे. म्हणून फोनवर 'हं' म्हणत राहिलो. अवघड गेलं. इथल्या चहाच्या दुकानात तुझं गाणं लागतं, तेव्हा ती जागा आली की मी कप तोंडाला लावतो.

हे सगळं आता लिहितोय कारण थांज्यात मोकळी झाली असं तू लिहिलंस. मी रेडिओवर ऐकलं होतं, पण विश्वास नव्हता. ओं ठ्विनसारखा घाबरट माणूस मंडप बांधतोय म्हणजे खरं असावं.

त्याला सांग, ऊ फो स्वे येतोय. सणाच्या आदल्या दिवशी पोचेन. वरच्या मजल्याच्या बरोबर खाली, मधोमध, मी उभा राहीन. त्यानेही माझ्या शेजारी यावं. थमेंचं भय वाटत असेल तर छत्री आण म्हणावं. नाहीतरी पाणी उडणारच आहे.

मुलींना म्हण, ओळ संपताना आवाज खाली पाडू नका. शेवटचं अक्षर मागच्या सीटवरच्या माणसाला ऐकू जायला हवं. मोहिंग्याच्या सुनेला पुढे उभी कर.

मोंलोन्येबो करून ठेव. एका गोळ्यात मिरची घाल, आणि तो कुणाच्या वाटीत जातो ते बघू नकोस. मी खाईन.

थमें तेच नेस. ती जागा भरू नकोस, कुणी काहीही म्हटलं तरी. तिथे थांब. मी खाली आहे.

तुझा बाप,
खरंच की.